लाल रंगाचा चकवा

लॉस एंजेलिस शहरातला ऑलिम्पिक बुलवार्ड हा रस्ता कोरियाटाऊनच्या मधून जातो. तसेच पश्चिमेला गेले की काही मैलांवर फेअरफॅक्स ॲव्हेन्यूचा नाका लागतो आणि तिथून दक्षिणेला 'लिटल इथिओपिया' सुरू होते. हे नाव शहराने २००२ मध्ये अधिकृतपणे दिले. एका टोकाला निखाऱ्यावरच्या मांसाचा धूर, दुसऱ्या टोकाला भाजत्या कॉफीचा. एकाच रस्त्यावरच्या या दोन खाद्यपरंपरा कधी ना कधी एका ताटलीत येणार, हे सांगायला ज्योतिषी नको. याच शहरात २००८ साली रॉय चोई यांच्या 'कोगी' या फिरत्या गाडीने कोरियन चवीचे मांस मेक्सिकन टाकोत भरून विकायला सुरुवात केली आणि लोक रात्री-अपरात्री त्या गाडीमागे धावू लागले. तेव्हापासून कोरियन चवीची जोडी कुणाशीही लावता येते, असा विश्वास जगभरच्या स्वयंपाक्यांमध्ये आला. इथिओपियाशी लावलेली जोडी त्यातली बरीच अवघड. ती का अवघड आहे आणि कशी जमते, हे नीट समजून घेण्याजोगे आहे.

अशी जोडी जुळवताना बहुतेक जण जेवणाआधीच्या तळलेल्या घासापासून सुरुवात करतात. त्यात चूक नाही. असा घास लहान असतो, तो फसला तरी सगळे जेवण बिघडत नाही, आणि तळलेल्या पदार्थाला अनोळखी माणूसही सहसा नाही म्हणत नाही. आमची हरकत पुढच्या पायरीला आहे. इथिओपियाचा समोशासारखा सांबुसा घ्यायचा, त्याच्या सारणात कोरियाची गोचुजांग कालवायची आणि झाला नवा पदार्थ. किंवा कोरियन पद्धतीने तळलेल्या कोंबडीवर इथिओपियाचे बर्बेरे भुरभुरायचे. दोन्ही लाल, दोन्ही तिखट, मग अडते कुठे? अडते ते नेमके इथेच. दिसायला सारखी असली तरी या दोन तिखटांची शिस्त एकमेकांच्या उलट आहे. एकाला चरबीत सावकाश शिजवल्याशिवाय चव फुटत नाही. दुसरे कढत्या तेलात गेले की करपते. रंग पाहून त्यांना एका जागी बसवणारा स्वयंपाकी दोघांचेही नुकसान करतो. आमच्या मते या पदार्थाची मांडणी एकाच प्रकारे नीट होते: बर्बेरे आत सारणात, गोचुजांग बाहेर वाटीत, आणि त्या दोहोंच्या मधली कुरकुरीत पारी कोरियन रीतीने तळलेली.

आधी गोचुजांगचे पाहू. तिला मिरचीची चटणी म्हणणे हा तिच्यावर अन्याय आहे. वाळलेल्या मिरचीची पूड, चिकट तांदूळ, सोयाबीनच्या आंबवून वाळवलेल्या ढेपेची पूड, मीठ आणि बहुधा मोड आणून वाळवलेल्या जवाचे पीठ एकत्र करून ते मातीच्या रांजणात महिनोन्‌महिने मुरवतात. जवातली विकरे तांदळातल्या स्टार्चची साखर करतात, सोयाबीनमधली प्रथिने फुटून त्यांची ॲमिनो आम्ले होतात. गोचुजांगची गोडी आणि खारटपणामागची ती भारदस्त चव या दोन क्रियांतून येते. मिरचीचा वाटा त्यानंतरचा. उत्तर जोल्ला प्रांतातले सुनचांग यासाठी नावाजलेले आहे. गोचुजांग, सोयाबीनचे दोएनजांग आणि गांजांग हा सोया सॉस मुरवण्याची ही सारी विद्या युनेस्कोने डिसेंबर २०२४ मध्ये अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतली. आपल्या कामाचा मुद्दा असा की गोचुजांगचा खरा स्वयंपाक रांजणातच उरकलेला असतो. बरणीतून निघते ती तयार वस्तू. ती रश्शात उकळतात, निखाऱ्यावरच्या मांसालाही लावतात. पण पहिल्या ठिकाणी तिला पाण्याची सोबत असते आणि दुसऱ्या ठिकाणी जळू नये म्हणून मांस सारखे उलटावे लागते.

बर्बेरेचे सगळेच उलटे. सुकलेल्या मिरच्या आले-लसणाबरोबर ओलसर कांडून काही दिवस झाकून ठेवतात, मग उन्हात वाळवतात, त्यात भाजलेले मसाले मिसळतात आणि गिरणीतून दळून आणतात. आपल्याकडे उन्हाळ्यात वर्षाचा मसाला डंकावर कुटून आणतात, तसेच हे तिथल्या घरोघरीचे वर्षाचे काम. मसाल्यांची यादी वाचली तर मराठी वाचकाला निम्मी नावे ओळखीची वाटतील: ओवा, मेथी, कलौंजी, धने. उरलेली निम्मी मात्र आपल्या मसाल्याच्या डब्यात नसलेली. वेलदोड्याच्या नात्यातली कोरारिमा, तुळशीच्या कुळातली बेसोबेला, आणि आपल्याकडे परसात लावतात तो सताप. इतके सगळे घालूनही तयार झालेले बर्बेरे कच्चेच असते. ते चमच्याने तोंडात टाकले तर आधी मेथीचा कडवटपणा लागतो, मग घशात ठसका.

ते शिजवण्याची इथिओपियन रीत जगातल्या फार थोड्या स्वयंपाकघरांत सापडेल. भरपूर कांदा अगदी बारीक चिरून कोरड्या भांड्यात टाकायचा. तेल नाही. मंद आचेवर तो ढवळत राहायचा, इतका की स्वतःच्याच पाण्यात शिजून तो मऊ पडतो, गोळा होतो, रंग धरू लागतो. चरबी त्यानंतर: उपासाचे दिवस असतील तर तेल, एरवी मसाले घालून कढवलेले नितेर किब्बे हे तूप. मग बर्बेरे. आणि त्यावर थोडेथोडे पाणी शिंपडत, खाली लागू न देता, कच्चा वास जाऊन तेल कडेला सुटेपर्यंत परतायचे. या पायालाच तिथे कुलेत म्हणतात आणि वोत नावाने ओळखली जाणारी बहुतेक कालवणे यावरच उभी राहतात. यात घाई केली तर पुढे कोणताही उपाय चालत नाही. तळलेल्या पदार्थावर वरून भुरभुरलेले बर्बेरे फसते ते यामुळेच. पानात वरून घ्यायला इथिओपियाकडे मिटमिटा नावाचे वेगळे, अधिक जहाल तिखट आहे. बर्बेरेला ते काम तिथल्या गृहिणीने दिलेले नाही, तर आपण का द्यावे?

आता हे दोघे कढईपाशी आणू. तळणीचे तेल साधारण १६० ते १९० अंश सेल्सियसवर असते. इतक्या उष्णतेत साखर आधी तांबूस होते, मग काळी आणि कडू. गोचुजांगमध्ये मुरण्यातून आलेली साखर असतेच. बाजारातल्या डब्यांत बहुधा वरून साखरेचा पाकही घातलेला असतो. ती सारणात घातली तर तिच्यातल्या ओलाव्याची वाफ होऊन पारीचे सांधे उकलतात, लाल रस तेलात उतरतो, कढईभर काळे ठिपके पोहू लागतात आणि पुढचा प्रत्येक घाणा त्याच करपट तेलात तळला जातो. पिठात कालवून बाहेरून लावली तर आतले गरम होण्याआधी वरचे काळवंडते.

आणि पारीच्या आत काय चाललेले असते? इथे एक साधी गोष्ट विसरली जाते. बाहेर तेल १८० अंशांवर असले तरी सारणात पाणी आहे तोवर आतले तापमान १०० अंशांच्या वर जात नाही. म्हणजे सारण तळले जात नाही, ते वाफवले जाते, आणि तेही जेमतेम चार-पाच मिनिटे. कच्चे बर्बेरे मसुरात मिसळून 'तळताना शिजेल' असे म्हणणाऱ्याच्या हाती कच्च्या मसाल्याचे सारण येते. जे शिजायचे ते पारीत भरण्याआधी शिजलेले हवे. या एका नियमात या पदार्थाचे निम्मे यश आहे.

इथिओपियाच्या बाजूने सांबुशाची निवड करण्याला आणखीही कारण आहे. त्याचे मसुराचे सारण मुळातच कोरडे, मोकळे आणि पोटभरीचे असते. पश्चिम आशियातून अरबी व्यापाराच्या वाटेने आफ्रिकेच्या शिंगात पोचलेला हा पदार्थ आपल्या समोशाचा सख्खा नातलग आहे. फक्त त्याच्या आत बटाटा नाही. तिथे तो ख्रिस्ती उपासाच्या दिवसांत मसुराचा होतो आणि मुसलमान घरांत रमजानच्या संध्याकाळी खिम्याचाही.

सारणासाठी एक वाटी अख्खा मसूर घ्यावा. मसुराची लाल डाळ नको, तिचे वरण होते. दाणा बोटाने दाबला की चेपावा पण साल सुटू नये, इतपतच उकडून लगेच निथळावा आणि ताटात पसरून वाफ जाऊ द्यावी. कुकरच्या शिट्ट्यांवर हे काम सोडू नये. तीन मध्यम कांदे वर सांगितल्याप्रमाणे कोरडे परतायला वीस मिनिटे सहज लागतात. मग तीन मोठे चमचे तेल, आले-लसूण, आणि दीड मोठा चमचा बर्बेरे. पाण्याचे शिंतोडे देत आणखी सात-आठ मिनिटे. मसूर आणि मीठ घालून सारण भांड्याच्या तळाला पाणी न सोडण्याइतके कोरडे करावे. एवढ्यावर हे शुद्ध इथिओपियन सारण आहे आणि त्यात काही मिसळले नाही तरी ते उत्तम लागते, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे.

कोरियाचा आत प्रवेश होतो तो दोन वस्तूंनी, आणि दोन्ही बेताने. पहिली, जुनी होऊन चांगली आंबट झालेली किमची. ताजी किमची पानात वाढायची. शिजवायला कोरियातही आंबलेलीच घेतात. ती अर्धी वाटी घ्यावी, मुठीत घट्ट पिळावी, बारीक चिरावी आणि सारण आचेवरून उतरवल्यावर मिसळावी. बर्बेरेच्या सारणाला जो एक गुण नसतो, आंबटपणा, तो किमचीतल्या लॅक्टिक आम्लातून मिळतो. इथिओपियन जेवणात ते काम इंजेरा करते. तेफ या धान्याच्या पिठाची ही आंबवलेली भाकरी प्रत्येक घासाला आपला आंबटपणा देते. सांबुशाबरोबर इंजेरा नसते, ती जागा रिकामी असते. किमची तिथे पाहुणी म्हणून येत नाही, रिकाम्या जागेवर येते. दुसरी वस्तू दांगम्योन, म्हणजे रताळ्याच्या स्टार्चच्या काचेसारख्या शेवया. भिजवून, अर्धवट शिजवून, बारीक चिरलेल्या मूठभर शेवया सारणातला उरलासुरला ओलावा शोषून घेतात. कोरियात करंजीसारख्या मांदूच्या सारणात आणि समुद्रशेवाळात गुंडाळून तळलेल्या गिम्मारीत त्या याच कामासाठी असतात. या नसल्या तरी चालेल. किमचीशिवाय मात्र हा पदार्थ कोरियाचे नाव सांगू शकत नाही.

पारी घरी मैद्याची लाटून तव्यावर अर्धकच्ची भाजता येते, पण रमजानमध्ये आपल्याकडे सगळीकडे मिळणारी समोसा पट्टी या कामाला अगदी योग्य आहे. परदेशातली इथिओपियन कुटुंबे तरी दुसरे काय करतात? चिनी दुकानातले स्प्रिंग रोलचे कागद आणतात. पट्टीची त्रिकोणी घडी घालून मैद्याच्या खळीने सांधे चिकटवावेत. कोपऱ्याला सुईच्या अग्राएवढे भोक राहिले तरी तेल आत शिरते.

आता तळण. कोरियन तळलेल्या कोंबडीने जग जिंकले ते सॉसच्या जोरावर, असा समज आहे. आम्हाला ते पटत नाही. दैगू शहरातल्या युन जोंग-ग्ये यांनी १९८० च्या आसपास गोडतिखट यांगन्योम सॉस कोंबडीला लावून विकायला सुरुवात केली, असे श्रेय त्यांना दिले जाते, आणि ते रास्तच. पण सॉस लावल्यानंतरही ती कोंबडी कुरकुरीत राहते, हे कर्तृत्व त्याखालच्या पातळ कवचाचे आहे. त्यात गव्हाच्या पिठापेक्षा बटाट्याच्या किंवा मक्याच्या स्टार्चवर भिस्त असते, कारण स्टार्चचे कवच पातळ, कडक आणि काचेसारखे होते. आणि तळण दोनदा असते. पहिल्या घाण्यात पदार्थ शिजतो, कवच बसते. बाहेर काढून ठेवल्यावर आतला ओलावा हळूहळू कवचाकडे सरकतो आणि ते नरम पडते. एकदाच तळलेला पदार्थ दहा मिनिटांत बसतो तो यामुळेच. दुसऱ्या, अधिक कडक घाण्यात हा सरकलेला ओलावा उडून जातो आणि मग कवच बराच वेळ टिकते.

सांबुसा परंपरेने एकदाच तळतात. इथे कोरियाचे ऋण उघडपणे घ्यावे. बटाट्याच्या स्टार्चचे दोन मोठे चमचे थंड पाण्यात अगदी पातळ कालवून त्यात सांबुसा बुडवून निथळावा. गिम्मारीलाही तळण्याआधी असाच पातळ लेप असतो. स्टार्च तळाशी बसतो, म्हणून प्रत्येक वेळी ढवळावे. पहिला घाणा १६० अंशांच्या आसपास. थर्मामीटर नसेल तर पारीचा तुकडा तेलात टाकून पाहावा: तळाशी जाऊन सावकाश वर आला तर तेल योग्य. तीन-चार मिनिटांत सांबुसे घट्ट होतात, पण रंग फिकाच राहू द्यावा. जाळीवर काढावेत, कागदावर नव्हे, नाही तर खालची बाजू स्वतःच्याच वाफेने भिजते. दहा मिनिटांनी तेल १८५ अंशांपर्यंत तापवून, म्हणजे तुकडा टाकताच उसळून वर येईल असे झाल्यावर, मिनिटभर दुसरा घाणा. यात सोय अशी की पहिला घाणा दुपारीही उरकून ठेवता येतो.

उरली गोचुजांग. ती वाटीत येते, पण एकटी नाही. इथिओपियात बर्बेरे मधाच्या दारूत, म्हणजे तेजमध्ये, किंवा अर्कात कालवून आवाझे नावाचे तोंडीलावणे करतात. यांगन्योम सॉस आणि आवाझे यांच्या मधोमध आपली वाटी ठेवता येते. एक चमचा तेलात अर्धा चहाचा चमचा बर्बेरे आणि ठेचलेला लसूण मंद आचेवर परतावा. त्यात दोन मोठे चमचे गोचुजांग, एक चमचा मध, एक चमचा व्हिनेगर, थोडा सोया सॉस आणि दोन चमचे पाणी. एक बुडबुडा आला की उतरावे. यांगन्योममध्ये पाक किंवा टोमॅटो केचप असतो, त्याऐवजी मध घेतला की आवाझेची आठवण राहते. काही जण हा सॉस सांबुशावर कुंच्याने लावतात. दोनदा तळलेला असला तरी पातळ पारीला हा भार झेपत नाही. कोंबडीचे कवच वेगळे आणि हे वेगळे. वाटी बाजूलाच बरी. वरून कोरियन रीतीप्रमाणे तीळ भुरभुरायचे असतील तर त्यांच्याऐवजी भाजलेले कारळे घेऊन पाहावेत. कारळ्याचे मूळ पीक इथिओपियाच्या डोंगराळ भागातले, तिथे त्याचे तेल स्वयंपाकाला वापरतात, आणि महाराष्ट्रात ते चटणीला लागते. या ताटलीत ते आपल्या खास ओळखीचे, आणि तेही मुळात त्यांचेच.

कृतीइतकाच महत्त्वाचा आहे तो पदार्थ कोणाला चालतो हा प्रश्न. इथिओपियन ऑर्थोडॉक्स चर्चचे सामान्य भाविकही वर्षातले सुमारे १८० दिवस उपास पाळतात. बहुतेक बुधवार आणि शुक्रवार, आणि ईस्टरआधीचे सलग ५५ दिवस यात येतात. त्या दिवशी मांस, अंडी, दूध, तूप सगळे वर्ज्य. मसूर आणि कांदा चालतात, किंबहुना त्यांच्यावरच भिस्त असते. (एकादशीला साबुदाण्यावर भागवणाऱ्या आपल्या लोकांना कांदा-मसुराचा उपास ऐकून मौज वाटेल.) मसुराचा सांबुसा हा असा उपासाचा मान्य पदार्थ. त्यात नितेर किब्बे घातले की तो उपासाचा राहत नाही. आणि किमची घातली की प्रश्न आणखी नाजूक होतो, कारण नेहमीच्या किमचीत खारवलेली कोळंबी किंवा अँचोव्ही मासळीचा अर्क असतो. कडक उपास पाळणारे मासळीही वर्ज्य मानतात. मासळीशिवायची किमची मिळते. कोरियातल्या बौद्ध मठांमध्ये ती पूर्वापार करतात, मात्र त्यांच्या नियमाने तिच्यात लसूण-कांदाही नसतो. म्हणजे एका धर्माच्या उपासाचा पाया कांदा, तर दुसऱ्या धर्माच्या मठात तोच निषिद्ध. चव जुळवणारा स्वयंपाकी या भानगडीत पडत नाही, आणि नेमके तिथेच कुणाचे तरी मन दुखावले जाते.

या दोन देशांचा संबंध स्वयंपाक्यांनी लॉस एंजेलिसमध्ये लावलेला नाही. कोरियन युद्धात संयुक्त राष्ट्रांच्या बाजूने लढायला सम्राट हैले सेलासी यांनी कान्यू बटालियन पाठवल्या. पहिली तुकडी मे १९५१ मध्ये बुसान बंदरात उतरली. एकंदर सहा हजारांवर इथिओपियन सैनिक तिथे गेले, १२० हून अधिक कामी आले. चुंचन शहरात त्यांचे स्मारक उभे राहिले. १९६८ साली त्याच्या अनावरणाला सम्राट स्वतः गेले आणि त्याच वर्षी स्मारकाजवळ इथिओपियाच्या नावाने सुरू झालेले कॉफीगृह आजही चालू आहे. पण एवढ्या सैनिकांनी कोरियन स्वयंपाकात कॉफीपलीकडे ठसा का ठेवला नाही? त्याच युद्धात अमेरिकी छावण्यांतून बाहेर आलेले डबाबंद मांस आणि सॉसेज किमचीबरोबर उकळून 'बुदे जिगे' हे कालवण झाले आणि ते कोरियन घरात कायमचे राहिले. उत्तर रसदीत आहे. इथिओपियाचे सैनिक अमेरिकी डिव्हिजनबरोबर लढले, त्यांची रसदही अमेरिकी व्यवस्थेतूनच येई. बर्बेरेची पोती बुसानला उतरली नाहीत. पदार्थ माणसांमागून आपोआप जात नाहीत. ते सामानातून जातात. आज सामान कुठेही पोचते, म्हणून सत्तर वर्षांपूर्वी राहून गेलेले आता होऊ शकते.

अशा मिश्रणाला भ्रष्टपणा म्हणणाऱ्यांचे आम्ही फारसे मनावर घेत नाही. दोन्ही स्वयंपाकांचा जो लाल रंग आज त्यांची ओळख मानला जातो, तो अमेरिका खंडातून आलेल्या मिरचीचा आहे. सोळाव्या शतकाआधी ना इथिओपियात मिरची होती ना कोरियात. गोव्यात पोर्तुगीजांनी ती उतरवेपर्यंत आपल्याकडेही नव्हती. कोरियात तिचा लेखी उल्लेख १६१४ च्या एका ग्रंथात सापडतो, आणि तोही परकी, जपानकडून आलेली वस्तू म्हणून.

मात्र श्रेयाचा प्रश्न वेगळा आहे आणि तो हलक्याने घेता येत नाही. तेफच्या पिठावर प्रक्रिया करण्याचे पेटंट एका डच कंपनीने मिळवले होते. ज्या देशाने हे धान्य हजारो वर्षे पिकवले त्याच्याच निर्यातीत त्यामुळे अडसर आला. हेगच्या न्यायालयाने २०१८ च्या अखेरीस ते पेटंट नेदरलँड्सपुरते रद्द ठरवले. कोरियाने किमचीसाठी २००१ मध्ये आंतरराष्ट्रीय अन्नसंहितेचा दर्जा मिळवला, तरी २०२० मध्ये पाओत्साई या चिनी लोणच्याला आयएसओचा दर्जा मिळाल्यावर किमची कुणाची, यावरून दोन देशांत वाद पेटलाच. कोरिया श्रीमंत आहे, त्याची मालिका-गाणी जगभर पोचली आहेत, त्याचे नाव ताटलीवर राहतेच. पुसले जाते ते इथिओपियाचे. 'कोरियन सांबुसा', 'आफ्रिकन मसाला', 'स्पायसी लेंटिल रोल' अशा नावांखाली बर्बेरे आणि ते शिजवायची रीत दोन्ही निनावी होतात.

रांजणगावला एलजीचा कारखाना आला तेव्हापासून पुण्याला कोरियन खाणावळी नव्या नाहीत, आणि गोचुजांगचे डबे आता मोठ्या किराणा दुकानांत मिळतात. बर्बेरे सहज मिळत नाही, पण कोरारिमाच्या जागी मोठी वेलची आणि बेसोबेलाच्या जागी तुळस घेऊन, ब्याडगीला थोडी लवंगी जोडून कामापुरते घरी करता येते; त्याला बर्बेरेच्या धर्तीचा मसाला म्हणावे, बर्बेरे म्हणू नये. शेजवान नावाखाली सिचुआनशी काडीचा संबंध नसलेली चटणी आपण डोशापासून पावापर्यंत सगळ्याला लावून झालो आहोत. हा पदार्थ जी हॉटेले आणतील त्यांना आमची विनंती एवढीच: यादीत त्याला कोरियन-इथिओपियन असेच म्हणा, आणि किमचीत मासळी आहे की नाही, सारणात तूप आहे की तेल, हे त्याच ओळीत छापा.